१९९९-२००१च्या डॉटकॉम कंपन्या नेमक्या कशाने बुडाल्या?

मुसाफिर२२

नमस्कार मंडळी. मी दोन वर्षांपासून एका छोट्या स्टार्टअपमध्ये आहे. आम्ही ऑर्डर घेऊन वस्तू घरपोच पाठवतो, त्यामुळे हल्ली जुन्या डॉटकॉम (म्हणजे इंटरनेटवर धंदा करणाऱ्या) कंपन्यांबद्दल हाती लागेल ते वाचतोय. एक कोडं काही सुटत नाही. पेट्स डॉटकॉम इंटरनेटवरून कुत्र्यामांजरांचं खाणं विकायची, ती नोव्हेंबर २०००मध्ये बंद पडली. पुढे हाच धंदा करणारी च्यूई २०१७मध्ये सुमारे ३३५ कोटी डॉलरला विकली गेली. वेबव्हॅन किराणा घरी आणून द्यायची, कोझ्मो तासाभरात वस्तू पोचवायची. दोन्ही २००१मध्ये बुडाल्या, आणि आज हेच धंदे सगळीकडे चालतात. म्हणजे कल्पना तर बरोबर होत्या! मग बिघडलं कुठे?

बहुतेक लेख 'हाव' म्हणून मोकळे होतात. हाव तर कायमच असते, तेवढ्याने माझं समाधान होत नाही.

आणि दुसरा प्रश्न, आत काम करणाऱ्यांना हे दिसत नव्हतं का? त्या काळात तिथे कुणी असेल तर कृपया सविस्तर लिहा.

तेजीमंदी

बाजाराच्या बाजूने सांगतो, आतलं कुणीतरी सांगेलच.

सुरुवात नेटस्केपपासून धरा, इंटरनेटची पानं पाहायचा ब्राउझर बनवणारी कंपनी. ९ ऑगस्ट १९९५. कंपनी जेमतेम सोळा महिन्यांची, नफ्याचा पत्ता नाही. शेअर २८ डॉलरला दिला आणि दिवसअखेर भाव ५८.२५. नफा दाखवण्याआधीच शेअर बाजारात उतरता येतं हे त्या दिवशी सगळ्यांना कळलं. नोव्हेंबर १९९८मध्ये द-ग्लोब डॉटकॉमचा ९ डॉलरचा शेअर पहिल्याच दिवशी ६३.५०वर बंद झाला. डिसेंबर १९९९मध्ये व्हीए लिनक्सचा ३०चा शेअर २३९.२५वर गेला. भाव ६३ झाला तरी कंपनीच्या तिजोरीत पैसे ९च्या हिशेबानेच येतात, हे इथे विसरू नका. वरचा मलिदा ज्यांना आधी शेअर वाटले गेले त्यांचा.

नॅस्डॅक हा तंत्रज्ञान कंपन्यांचा भरणा असलेला अमेरिकी शेअर निर्देशांक १० मार्च २००० रोजी ५०४८.६२वर बंद झाला आणि ९ ऑक्टोबर २००२ रोजी १११४.११वर. दर शंभरातले अठ्ठ्याहत्तर गेले. जून १९९९पासून मे २०००पर्यंत अमेरिकेच्या मध्यवर्ती बँकेने, फेडने, व्याजदर पावणेपाचावरून साडेसहा टक्क्यांवर नेला होता. त्यातच २० मार्च २०००च्या अंकात बॅरन्स साप्ताहिकाने २०७ इंटरनेट कंपन्यांची शिल्लक रोकड आणि दरमहा होणारा खर्च मांडून दाखवला. त्यातल्या किमान ५१ कंपन्यांकडचे पैसे वर्षभरात संपणार होते. ती यादी सगळ्यांनी पाहिली आणि नवे पैसे देणाऱ्यांनी हात आखडला.

रेवा

मुसाफिर, मी तिथे होते, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

१९९८मध्ये मी वायटूकेच्या (२००० साल लागताना जुन्या संगणकांत तारखा चुकू नयेत म्हणून चाललेल्या दुरुस्तीच्या) कामासाठी एच-१बी या नोकरीच्या व्हिसावर कॅलिफोर्नियात गेले. ते काम कंटाळवाणं पण खात्रीचं होतं. ऑक्टोबर १९९९मध्ये ते सोडून सॅन फ्रान्सिस्कोतल्या एका डॉटकॉममध्ये डेटाबेसचं काम धरलं. कंपनीचं नाव लिहीत नाही. तिथली बरीच माणसं अजून ओळखीची आहेत आणि चांगली आहेत. आम्ही स्वयंपाकघरातली भांडी विकायचो.

हॉलच्या मध्यावर एक पितळी घंटा टांगलेली होती. दर हजार ऑर्डरींमागे कुणीतरी ती वाजवायचं आणि सगळे उभं राहून टाळ्या वाजवायचे. डिसेंबर १९९९मध्ये, सणाच्या खरेदीत, ती दिवसात कितीदा तरी वाजायची. मीही मनापासून टाळ्या वाजवल्या आहेत. रात्ररात्र जागून डेटाबेस चालता ठेवला होता आम्ही, पानं उघडत होती, ऑर्डर पडत होत्या. तो आनंद खरा होता, त्याला मी आजही खोटं म्हणणार नाही.

जानेवारीत मला एक रिपोर्ट करायला सांगितला: प्रत्येक वस्तूमागे किती सुटतात? सोपं काम वाटलं. डेटाबेसमधून आकडे काढायची क्वेरी लिहायला बसले तर लक्षात आलं की वस्तूंच्या टेबलात वजनाचा रकानाच रिकामा आहे. कुठल्याच वस्तूचं वजन कुणी भरलेलं नव्हतं! कुरियरचं बिल महिन्याला एकदा, सगळं मिळून यायचं. ते कुठल्या वस्तूच्या नावावर टाकायचं हे कुणी ठरवलेलंच नव्हतं. मग मी आणि गोदामातला एक मुलगा दोन दिवस वजनकाटा घेऊन बसलो. एकेक भांडं काट्यावर ठेवायचं, आकडा वहीत लिहायचा, पुढचं घ्यायचं.

आमच्याकडे सगळ्यात जास्त खपायचा तो बिडाचा तवा. आम्हाला पडायचा १३ डॉलरला, पहिल्या खरेदीच्या सवलतीत आम्ही द्यायचो १०ला, पोचवायचे पैसे घ्यायचे नाहीत असा नियम. काट्यावर ठेवला तर पेटीसकट साडेतीन किलो भरला. कुरियर ७ डॉलर, खोका आणि भरण दीड. एका तव्यामागे साडेअकरा डॉलर घरचे जात होते. त्या गिऱ्हाइकाला आणायला केलेला जाहिरातीचा खर्च यात धरलेलाच नाही. सर्वाधिक खपाच्या यादीत हाच तवा पहिला होता, म्हणजे घंटा मुख्यतः त्याच्या जिवावर वाजत होती.

आता तुझ्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर. हा तोटा वरच्यांना माहीत नव्हता असं नाही. पण त्या काळी आमच्यासारख्या कंपनीची किंमत ठरायची विक्रीच्या पटीत, कारण नफा कुणाकडेच नव्हता. एक डॉलरची विक्री वाढली की कंपनीची किंमत त्याच्या कितीतरी पटींनी वाढलेली धरायचे. मग ती विक्री वाढवायला दोन डॉलर घालवले तरी कागदावर फायदाच. पुढच्या फेरीत, म्हणजे पुढच्या वेळी भांडवल उभारताना, कुणी तरी वाढीव किमतीने पैसे घालणार आहे तोवर हा हिशेब तंतोतंत बरोबर आहे. त्या गणितात एकही बेरीज चुकलेली नव्हती. त्याला एकच गोष्ट लागत होती, ती म्हणजे पुढची फेरी. मार्च-एप्रिल २०००मध्ये ती फेरी येईनाशी झाली आणि तोच तवा, तेच साडेअकरा डॉलर, एका महिन्यात निव्वळ तोटा ठरले.

पेट्स डॉटकॉमचेच आकडे घे. फेब्रुवारी ते सप्टेंबर १९९९मध्ये विक्री ६ लाख १९ हजार डॉलर आणि जाहिरात १ कोटी १८ लाख. नाकापेक्षा मोती जड. तरी फेब्रुवारी २०००मध्ये त्यांना बाजारातून सव्वाआठ कोटी मिळाले, शेअर ११ डॉलरला विकून. नोव्हेंबरमध्ये कुलूप लागलं तेव्हा भाव १९ सेंट होता. जड पोती, कमी मार्जिन आणि खरेदीच्या भावाखाली विक्री. आमच्या तव्याचंच दुखणं.

वेबव्हॅनचं दुखणं वेगळं होतं, त्या दोघांना एकाच पारड्यात टाकू नकोस. तिथे घोटाळा इमारतींचा. ओकलंडचं पहिलं यांत्रिक गोदाम जून १९९९मध्ये सुरू झालं आणि ते नीट भरतंय की नाही हे कळायच्या आत, जुलैमध्ये, आणखी २६ गोदामं बांधायचा एक अब्ज डॉलरचा करार बेक्टेल या बांधकाम कंपनीशी केला. असं गोदाम भरलेलं चाललं तरच परवडतं. अर्ध्यावर चाललं तर पट्टे, मोटारी, माणसं, शीतगृह यांचा खर्च तोच राहतो आणि तो निम्म्याच ऑर्डरींवर बसतो. नोव्हेंबरात शेअर विकून ३७.५ कोटी आले, ते या खड्ड्यात गेले. जुलै २००१मध्ये दिवाळखोरी आणि सुमारे दोन हजार माणसं घरी.

मुसाफिर२२

रेवाताई, वजनाचा रकाना वाचून अंगावर काटा आला. मग तुम्ही तो रिपोर्ट दिल्यावर काय झालं? कुणी ऐकलं का? आणि पगाराऐवजी ऑप्शन्स (ठरलेल्या भावाने कंपनीचे शेअर पुढे विकत घ्यायचा हक्क) मिळायचे म्हणतात, त्यांचं पुढे काय झालं?

रेवा

ऐकलं तर. माझ्या साहेबांनी नीट ऐकलं, वहीतले आकडे स्वतः तपासले आणि मीटिंगला घेऊन गेले. उत्तर आलं की मोठे झालो की दर उतरतील. हे उत्तर अगदीच पोकळ नव्हतं. सर्व्हर, वेबसाइट, ऑफिस यांचा खर्च ऑर्डरी वाढल्या की दर ऑर्डरीमागे खरंच उतरतो. पण लोखंडाचं वजन उतरत नाही. कुरियरने फार तर दीड डॉलर कमी केला असता. कुठला खर्च उतरणारा आणि कुठला न उतरणारा ही विभागणी त्या मीटिंगमध्ये कुणीच केली नाही, आणि मलाही तेव्हा इतक्या स्पष्ट शब्दांत मांडता आलं नाही. याची रुखरुख मला अजून आहे.

हिशेबाच्या वह्यांमुळेही हे झाकलं जायचं. बऱ्याच ऑनलाइन विक्रेत्यांकडे गोदामाचा आणि वस्तू भरून पाठवण्याचा खर्च मालाच्या किमतीत न धरता 'मार्केटिंग'मध्ये टाकत. मग मार्जिन बरं दिसे आणि मार्केटिंगचा खर्च तर काय, आज ना उद्या कमी होणारच! जाहिरातींची अदलाबदलही चालायची. मी तुझी जाहिरात माझ्या साइटवर लावते, तू माझी लाव. पैसा इकडचा तिकडे होत नसे, पण उत्पन्न दोघांच्याही वहीत. २०००च्या सुरुवातीपासून यावरचे नियम कडक झाले.

आता ऑप्शन्स. पगार बाजारापेक्षा कमी आणि वर ऑप्शन्स, असा सौदा. चार वर्षांत मिळून पूर्ण हक्क, त्यातला पहिला चौथा हिस्सा वर्ष भरल्यावर एकदम. आमच्या कंपनीने बाजारात उतरण्याचा मसुदा दाखल केला होता, तो मे २०००मध्ये मागे घेतला. म्हणजे माझे ऑप्शन्स हा शेवटपर्यंत एक कागदच राहिला. माझं नुकसान तेवढंच, तिथे होते तितक्या काळाचा कमी पगार.

ज्यांच्या कंपन्या बाजारात उतरल्या त्यातल्या काहींचं यापेक्षा वाईट झालं. माझी एक मैत्रीण नेटवर्कची उपकरणं करणाऱ्या कंपनीत होती. तिने २०००च्या सुरुवातीला ऑप्शन्स वापरून शेअर घेतले आणि विकले नाहीत, कारण वर्षभर धरून ठेवले तर विक्रीवरचा कर कमी बसतो असं सगळेच सांगत. पण अमेरिकेत पर्यायी किमान कर नावाचा एक कर आहे. कर्मचाऱ्यांच्या ठरावीक प्रकारच्या ऑप्शन्समध्ये ज्या दिवशी शेअर घेतला त्या दिवशीचा बाजारभाव आणि आपण दिलेली किंमत, यातला फरक या करासाठी उत्पन्न धरतात. शेअर विकला नसला तरी. तिच्या शेअरचा भाव घेताना शंभराच्या घरात होता, वर्षअखेर सहावर आला. एप्रिल २००१मध्ये कर भरायची वेळ आली तेव्हा तिच्याकडचे सगळे शेअर विकून त्या कराचा निम्मा भागही निघत नव्हता. तिच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर आम्ही तिघीजणी त्या फॉर्मची बेरीज पुन्हा पुन्हा करत होतो, कुठे तरी शून्य जास्त पडलंय असं वाटून. पडलेलं नव्हतं. तिने ते पैसे हप्त्याने फेडले. ऑक्टोबर २००८मध्ये असे जुने थकलेले कर माफ करणारी तरतूद कायद्यात आली. ज्यांनी तोवर काटकसर करून भरून टाकले होते त्यांना त्या माफीचा उपयोग नव्हता.

आमच्याकडे पहिली कपात सप्टेंबर २०००मध्ये झाली आणि फेब्रुवारी २००१मध्ये कंपनी बंद. अमेरिकेत नोकरी गेली तरी पदरचे पैसे भरून कंपनीचा आरोग्यविमा काही महिने चालू ठेवता येतो. पण कंपनीच बंद पडली की मूळ योजना संपते, मग चालू ठेवायला काही उरतच नाही. आमच्यातल्या एकीचं बाळंतपण दोन महिन्यांवर होतं. तिला हे शेवटच्या दिवशी, हातात खोका घेऊन उभी असताना कळलं.

आणि व्हिसा. तेव्हा एच-१बीवाल्याला नोकरी गेल्यावर थांबायची अधिकृत मुदतच नव्हती. साठ दिवसांची सवलत २०१७मध्ये आली. ऑक्टोबर २०००च्या कायद्यामुळे नव्या कंपनीने अर्ज दाखल केला की काम सुरू करता येत होतं, पण अर्ज करणारी कंपनी तर मिळायला हवी. मला एका विमा कंपनीत काम मिळालं, जुन्या वायटूकेच्या अनुभवावर. माझ्याबरोबरचे तिघे परत गेले. गाड्या विमानतळाच्या पार्किंगमध्ये सोडून गेल्याच्या गोष्टी लोक सांगतात, तसं मी काही पाहिलं नाही. आमच्यातल्या एकाने मात्र आपली गाडी मला विकायला दिली आणि ती विकायला मला चार महिने लागले. तेव्हा सगळेच गाडी विकत होते.

समुद्रतळ

रेवा, फार मनापासून लिहिलंयत. एका मुद्द्यावर मात्र माझं मत वेगळं आहे. तुमच्या तव्याचा हिशेब ॲमेझॉनलाही लागू होता. तेही तोट्यात होते, तेही 'लवकर मोठे व्हा' म्हणत होते. शेअर १९९९च्या डिसेंबरात शंभराच्या वर होता, २००१च्या शरदात सहाच्या खाली आला. तरी ते जगले. मग फरक तव्याचा की नशिबाचा?

मी टेलिकॉममध्ये होतो म्हणून आणखी एक बाजू सांगतो. त्या वेळी बहुतेक घरांत टेलिफोनच्या तारेवरून चालणारा ५६केचा संथ मोडेम. एक चित्र उघडायला माणूस वाट पाहत बसायचा. लंडनच्या बू डॉटकॉमने कपड्यांची इतकी जड साइट बनवली की ती सामान्य गिऱ्हाइकाकडे उघडेचना. मे २०००मध्ये ती बंद पडली, सुमारे साडेतेरा कोटी डॉलर घालवून. आणि त्याच वेळी आम्ही जमिनीखालून आणि समुद्राखालून इतकी फायबर (प्रकाशातून डेटा नेणारी काचेची केबल) टाकत होतो की तिच्यातून प्रकाश सोडायलाही गिऱ्हाईक नव्हतं. ग्लोबल क्रॉसिंग ही केबल टाकणारी कंपनी जानेवारी २००२मध्ये दिवाळखोर, वर्ल्डकॉम ही टेलिफोन कंपनी जुलैमध्ये. पण केबल गेल्या नाहीत. कर्ज बुडालं, कंपन्या बुडाल्या, काच तशीच पडून राहिली आणि पुढच्यांनी ती कवडीमोलाने घेतली. च्यूईची पानं झरझर उघडतात त्यात त्या बुडालेल्या पैशाचाही वाटा आहे.

रेवा

समुद्रतळ, फायबरचं तुमचं म्हणणं पूर्ण पटलं. तसंच सर्व्हरचंही आहे. आम्ही सन कंपनीचे सर्व्हर घेतले होते, ओरॅकल डेटाबेसचं लायसन्स, डेटा सेंटरमध्ये सर्व्हर ठेवायला भाड्याचा पिंजरा. पहिली ऑर्डर यायच्या आधीच लाखो डॉलर गेलेले. ॲमेझॉनने सर्व्हर तासावर भाड्याने द्यायला सुरुवात केली ती २००६मध्ये. आज तीच साइट उभी करायला कुणी एवढं भांडवल मागणार नाही, म्हणजे त्या भांडवलाच्या घाईपोटी तवाही फुकट पोचवावा लागणार नाही. मुसाफिर, तुझ्या कोड्याचा हा एक मोठा भाग आहे.

ॲमेझॉनबद्दल. नशीब होतंच. त्यांनी फेब्रुवारी २०००मध्ये युरोपात ६९ कोटी युरोचे रोखे विकले, बाजाराच्या शिखराच्या एक महिना आधी. दोन महिने उशीर झाला असता तर ते पैसे मिळाले असते असं मला वाटत नाही. पण रोकड फिरवण्याची पद्धतही वेगळी होती. गिऱ्हाइकाचे पैसे कार्डावरून लगेच येत आणि पुस्तकवाल्याला द्यायचे ते कित्येक आठवड्यांनी, त्यामुळे धंदा वाढला की हातात रोकड वाढायची. आम्ही भांडी रोखीने घ्यायचो, कारण नव्या कंपनीला उधार कोण देणार. आमचा धंदा वाढला की रोकड आटायची. शिवाय पुस्तक हलकं असतं! २००१च्या शेवटच्या तिमाहीत त्यांनी पहिला नफा दाखवला, ५० लाख डॉलर. मी तेव्हा विमा कंपनीत होते. ती बातमी वाचली आणि पहिला विचार आला तो त्या वजनकाट्याचा.

मार्च २००१मध्ये आमच्या ऑफिसातल्या सामानाचा लिलाव झाला. मी गेले होते. सर्व्हर, खुर्च्या, छपाईयंत्रं, सगळ्यांवर नंबरच्या चिठ्ठ्या. आमच्यासारखेच सर्व्हर सगळीकडे विकायला निघाल्यामुळे सनला स्वतःच्याच जुन्या मालाशी स्पर्धा करावी लागत होती. घंटा खुर्च्यांच्या ढिगात ठेवली होती, कुणी घेतली ते पाहिलं नाही. गोदामातला तो मुलगाही आला होता. त्याने वजनकाटा घेतला, पाच डॉलरला.

मुसाफिर२२

रेवाताई, समुद्रतळ, तेजीमंदी, सगळ्यांचे आभार. काल रात्री आमच्या डेटाबेसमध्ये जाऊन पाहिलं. वजनाचा रकाना भरलेला आहे. पण परत आलेल्या मालाचा खर्च कुठल्याच ऑर्डरीला जोडलेला नाही, महिन्याला एक आकडा येतो आणि 'इतर' म्हणून पडतो. दर शंभरात किती माल परत येतो ते मोजायला घेतलंय. सोमवारी साहेबांकडे नेतो, उतरणारा खर्च आणि न उतरणारा खर्च असे दोन रकाने वेगळे करून.